सरदाराला कुणी-कुणी कातरलं

१

सुग्रीव बीडहून आला तो छातीशी घुंगरमाळ धरून. गेलता पोराच्या लग्नाचा बस्ता आणायला. पण साड्यांची पिशवी पोराच्या, विजयसिंहच्या, खांद्यावर टाकली अन् घुंगरमाळ मात्र स्वतःजवळ. रिक्षातून उतरला तो घरात न जाता सरळ मागच्या मेंढरांच्या वाडग्यात गेला. सरदाराच्या गळ्यात माळ घालायची घाई. अन् तिथून त्यानं अशी बोंब ठोकली की झाडावरचे कावळे उडाले.

सरदार म्हणजे सुग्रीवचा एडका. काळाभोर, मानेला आयाळ असल्यावानी लोकर, शिंगं अशी वळलेली की बघणाऱ्यानं हात लावायला पुढं व्हावं अन् ढुसणी खाऊन मागं यावं. नेकनूरच्या अल्याड-पल्याडच्या धनगर वस्त्यांत त्याला जोड न्हवती. बीडच्या प्रदर्शनात दरसाल पहिला नंबर सरदाराचा. अन् दरसाल दुसरा नंबर धुळाजीच्या एडक्याचा.

ह्या धुळाजीची ही गोष्ट. माणूस वाईट न्हवता. पोरीवर जीव, मेंढरांवर जीव, बोलायला गोड. पण सरदार दिसला की त्याच्या पोटात जळायला लागायचं. भाकरी खाताना सरदार, निजताना सरदार. "त्यानं अंडी चारली आसतील," "त्यानं तूप चोळलं आसंल," असलंच तोंडात. सुग्रीवच्या पोराशी आपल्या स्वप्नाची सुपारी फुटली तेव्हा वस्ती म्हणली, आता ही जळजळ थांबंल. कशाची थांबती! उलट व्याह्याच्या दारात जाऊन सरदाराला रोज जवळून बघायची सोय झाली.

तर बोंब ऐकून धुळाजीबी पळत गेला. बघतो तर काय, सरदार खुट्याला बांधलेला, अन् अंगावर लोकर न्हाई! कातरला होता तोबी कसा, जिन्याच्या पायऱ्या असल्यावानी. कुठं उंच, कुठं सखल. शेपटीवर तेवढा एक गोंडा राहिलेला. एवढा रुबाबाचा गडी, पण उघड्या अंगानं असा उभा होता जसं काय न्हाव्यानं अर्ध्यात सोडून दिलंय. अन् प्रदर्शन चार रोजांवर आलेलं.

लोकं चुकचुकले. अन् धुळाजीला हसू आलं.

दाबलं, तर नाकातून आलं. तोंडावर पटका धरला, तर खांदे हलायला लागले.

सुग्रीव वळला. डोळे लाल.

"हसतो कावून बे?"

"न्हाई रं, ठसका..."

"ठसका न्हाई! तूच केलंस हे! एवढी वर्सं दुसरा आला, आता पैला यायचंय तुला!" घुंगरमाळ त्यानं भिताडावर आपटली. "एकट्याचं काम न्हाई हे. तुझ्यासंगं कोन कोन व्हतं? उद्या दिस मावळायच्या आत बिरोबाच्या ओट्यावर समद्यांम्होरं नावं सांग. न्हाई सांगितलीस, तर सुपारी मोडली. तुझी पोर तुझ्या घरी, माझं पोरगं माझ्या घरी."

विजयसिंह काहीतरी बोलायला गेला, तर बापानं डोळे वटारले. पल्याडच्या गल्लीत धुळाजीच्या घरी बायका लग्नाची हळद कांडत होत्या. मुसळाचा आवाज येत होता. तो थांबला.

२

सकाळी धुळाजी सुग्रीवच्या दारात गेला. लाज वाटत होती, पण पोरीनं रातभर पदरात तोंड घालून काढलेली होती, ते त्याच्यानं बघवत न्हवतं.

"मला एडका बघू दे," तो म्हणला.

"काल बघून पोट भरलं न्हाई?"

"नावं पायजेत ना तुला? मंग बघू दे."

सुग्रीव कुरकुरत वाडग्यात घेऊन गेला. सरदारापाशी सुग्रीवची बायको, सत्यभामाबाई, घमेलं घेऊन उभी होती. सरदार तिच्या पदरात तोंड खुपसून भाकर हुडकत होता. तिनं धुळाजीला बघून पदर सावरला अन् चुलीकडं गेली.

धुळाजी खाली बसला. जनावराच्या बाबतीत त्याची नजर पक्की. कळप मिसळले तर कोणतं मेंढरू कुणाचं हे तो तोंडाकडं न बघता, नुसतं मागून बघून सांगायचा. त्याची रीत एकच. आधी हे कुणाचं *न्हाई* ते काढायचं. हे भागवतचं न्हाई, हे सोमनाथचं न्हाई, असं करत करत जो धनी उरंल त्याचं.

त्यानं कातरल्याच्या खुणा बघितल्या. मेंढरं कातरायची कातर लांब पात्याची. एकदा चालवली की लोकरीचा पट्टा निघतो. इथं घास बारके होते, हाताच्या बोटाएवढे.

"कातरीनं न्हाई केलेलं हे," तो म्हणला.

"मंग काय दातानं केलं?"

मग त्यानं कातडी बघितली. एवढं वेडंवाकडं काम, पण कुठं रगात न्हाई. एकाच जागी, पुढच्या खांद्याच्या फऱ्यावर, बारकी जखम. अन् तिच्यावर पिवळं काहीतरी. बोटानं चोळून नाकाला लावलं. हळद. ताजी कांडलेली, तेलात कालवलेली.

"हळद तू लावलीस?"

"म्या कशाला लावू? म्या बघितलीच न्हाई ती जखम."

धुळाजी उठला. लोकर कुठं गेली म्हणून भवताली बघितलं. एक केस सापडंना. खुट्याभवतीची जागा खराट्यानं झाडून घेतलेली होती, लेंड्यासकट. चांगली रांगोळी काढावी अशी.

"आसं बघ सुग्रीव. ह्याच्याजवळ जातं कोन कोन?"

"कुनीबी न्हाई. तानाजी मागं दावं सोडायला गेलता, त्याचा हात मोडला सरदारानं. अजून पिलास्टरात हाय. माझ्याबिगर ह्याच्या अंगाला कुनी हात लावू शकत न्हाई."

"अन् तू बीडला गेल्यावर पानी कोन देतं?"

"पानी व्हय, पानी घरातली देती की. कुनी म्हंजे कुनीच न्हाई."

धुळाजीनं मान हलवली. त्यालाबी त्यात काही वावगं वाटलं न्हाई. तो चार पावलं चालला अन् मागून सुग्रीव म्हणला, "धुळ्या, एक ध्यानात ठिव. काल बाजार व्हता. समदे गडी नेकनूरला गेलते. वस्तीत राहिले किती? भागवत, सोमनाथ, तानाजी. अन् चौथा तू."

३

वस्तीच्या तोंडाशी कडूबाई बसलेली असायची. म्हातारी सकाळपासून दिवस बुडेपर्यंत बाजेवरनं उठत नसे. गावात कुत्रं जरी नवं आलं तरी तिला आधी कळायचं, अन् तिला कळलं की चहा उकळायच्या आत समद्या वस्तीला.

"काकू, काल कुनी भायेरचं आलतं का?"

"कुनी न्हाई. एक तेवढी तुझी भाची आली बीडहून, सायली. पन तवा सुग्रीवनं बोंब ठोकून झाली व्हती."

"अन् सुग्रीवच्या वाडग्याकडं कोन गेलं?"

"गडी तर एकबी न्हाई दिसला. पल्याडनं जात आसतील, तिकडं मला दिसत न्हाई. न्हाईतर मेल्यांनो, तुमाला इचारायची येळच आली नसती. म्याच सांगितलं आसतं."

बाहेरचा कुणी न्हाई. म्हणजे वस्तीतलेच.

भागवत घरापुढं पाटीत कडबा भरत होता. त्याच्या ओसरीवर बायको बबिता शिलाई मशीन चालवीत होती. स्वप्नाचे लग्नाचे ब्लाऊज तिच्याकडंच होते.

"तात्या, माझ्यावर नका येऊ," भागवत आधीच म्हणला. "मला सरदारासारखं जनावर पायजे, कातरल्यालं न्हवं. त्याचं पिल्लू मागितलंय म्या सुग्रीवकडं. हे मशीन इकतो अन् पिल्लू घेतो. मशीन काय, नुसतं घरघर करतंय."

मशीनची घरघर एकदम थांबली. मग पुन्हा सुरू झाली, जरा जोरात.

"सोमनाथ संगं व्हता का तुझ्या?"

"त्याचं नाव घेऊ नका माझ्या दारात! बापाच्या दहाव्याला एका पंगतीला बसलो न्हाई आमी. सरदार कातरायला एका वाडग्यात जाऊ?"

सोमनाथ म्हणजे ह्याचा सख्खा भाऊ. विहिरीच्या पाण्याच्या पाळीवरून दोघांचं बोलणं तुटलेलं. सोमनाथकडं गेला तर तोबी तेच म्हणला, फक्त शिव्या जास्ती. "भागवत जिथं आसंल तिथं मी थुकायलाबी जात न्हाई. अन् तात्या, खरं सांगू? सरदाराला तसा बघून माझं काळीज थंड झालं. पन केलं म्या न्हाई. केलं आसतं तर पेढे वाटले आसते."

तानाजी बाजेवर पडलेला. कोपरापासून बोटापर्यंत पिलास्टर. "तात्या, मला लंगोटी बांधता यीना," तो म्हणला. "एडका काय बांधू?"

धुळाजी परत निघाला अन् वाटेत बाभळीखाली बसला. कळप निवडतो तसं त्यानं निवडायला घेतलं. एकट्यानं एवढा एडका आवरत न्हाई. एकानं शिंगं धरायची, एकानं कातरायचं. म्हणजे धडधाकट दोघं पायजेत. तानाजीला हात न्हाई, तो गेला. राहिले भागवत अन् सोमनाथ. पण ते दोघं एका जागी उभे राहत न्हाईत. म्हणजे त्यातला एकच. अन् एकाचं काम न्हाई. मग दुसरा कोण?

भागवतच्या जोडीला धुळाजी. न्हाईतर सोमनाथच्या जोडीला धुळाजी. तिसरी जोडी जमतच न्हवती. ज्या बाजूनं निवडावं त्या बाजूनं एकच नाव हाती येत होतं, अन् ते त्याचं स्वतःचं होतं.

सुग्रीवनं अक्कल चालवली असती तर त्यालाबी हेच उत्तर आलं असतं. अन् चालवल्याबिगर सोडणारा तो न्हवता.

४

सायली धुळाजीच्या बहिणीची पोरगी. बीडला क्लासमध्ये पोरांना गणित शिकवायची. तिशीची बाई, चष्मा, आवाज असा की मागच्या बाकावरचं पोरगंबी दचकावं. लग्नाची मदत करायला आलेली, अन् लग्नच मोडायला लागलेलं.

धुळाजीनं अंगणात बसून तिला समदं सांगितलं. ती काडीनं मातीत गोल काढत ऐकत होती.

"मामा, तुम्ही संच सोडवताय."

"आता हे काय?"

"संच म्हणजे अशी टोळी, जिच्यात कोण हाय अन् कोण न्हाई हे पक्कं सांगता येतं. तुम्हाला ज्यांनी सरदार कातरला त्यांचा संच पायजे. हा बघा गोल." तिनं चार खडे ठेवले. "तुम्ही ह्या चारातून अटी लावून निवडायला लागलात. तानाजी बाद. भागवत-सोमनाथ एकत्र बाद. ह्या खड्यांत उत्तर येतं ते तुमचं. अन् तुम्हाला तर ठावं हाय की तुम्ही न्हाई."

"बिरोबाची आन, न्हाई."

"मग आत काहीच उरत न्हाई. गोल रिकामा." तिनं खडे उचलले. "पण एडका तर कातरला गेलाय. म्हणजे अटी चुकल्या, न्हाईतर खडेच चुकले. पोरांचं असंच होतं माझ्या क्लासमध्ये. आकडेमोड बरोबर असती, पण आधी कुणाकुणातून निवडायचंय तेच बघत न्हाईत. ज्यातून निवडायचं त्या टोळीला आम्ही विश्वसंच म्हणतो. मामा, काल दुपारी वस्तीत फक्त चार माणसं होती?"

"चार गडी व्हते."

"मी माणसं इचारली."

धुळाजीनं तिच्या हातातले खडे बघितले. मेंढरं कातरणं गड्यांचं काम. बाईनं कातर हातात घ्यायची न्हाई, असा रिवाजच होता धनगरात. त्याच्या जन्मात त्यानं बाईच्या हातात कातर बघितली न्हवती. पण सरदाराच्या अंगावर तरी कातर कुठं चालली होती?

त्याच्या कानात सुग्रीवचं बोलणं वाजलं. कुनीबी जवळ जात न्हाई. पानी घरातली देती. कुनी म्हंजे कुनीच न्हाई.

"आगं बाबौ," तो म्हणला.

आता त्यानं नवा गोल मांडला, अन् ह्या टायमाला खडे भराभरा जागेवर पडले. सरदार कुणाला अंगाला हात लावू देतो? सुग्रीवला अन् सत्यभामाबाईला. सुग्रीव बीडात. म्हणजे ती हायच. कुणीतरी झाडून घेतलंय, गडी काय झाडतो! अन् बोटाएवढे घास? ते शिवायच्या कात्रीचे. वस्तीत तशी कात्री एकच, बबिताची. अन् बबिता ती कात्री सख्ख्या आईलाबी देत न्हाई, दुसऱ्याच्या हातानं धार जाती म्हणती. म्हणजे जिथं कात्री तिथं बबिता.

"कडूबाई?" सायलीनं इचारलं.

"ती न्हाई. तिला ठावं आसतं तर कालच समद्या नेकनूरच्या बाजाराला ठावं झालं आसतं."

"अन् हळद?"

धुळाजीनं सकाळचं पिवळं बोट पुन्हा नाकाला लावलं. ताजी कांडलेली हळद. वस्तीत काल हळद कांडली गेली ती एकाच घरी. त्याच्याच. त्या घरात बायका दोन. स्वप्ना अन् तिची आई. स्वप्ना तर सुपारी फुटल्यापासून सासरच्या दारात पाय टाकत न्हवती. लग्नाआधी नवरीनं तिकडं जायचंच नसतं.

दारात बायनाबाई उभी होती. धुळाजीची बायको. हाताची बोटं पिवळी.

"झालं का सोडवून?" ती म्हणली.

५

"तू?" धुळाजी म्हणला. "आगं, पोरीचं लगीन..."

"मी लगीन मोडलं?" बायनाबाई अंगणात आली अन् पाटावर बसली. सायली गुमान उठून पाणी आणायला गेली. "अवो, तुमी हसलात कावून? हसला नसतात तर कुनाचं नावच आलं नसतं. सुग्रीवभावजी चार रोज बोंबलले आसते अन् गप बसले आसते. पन न्हाई. तुमाला हसू आलं!"

धुळाजी उठला अन् परत खाली बसला.

"पंचवीस वर्सं झाली लग्नाला," ती म्हणली. "एक दिस तरी माझ्या तोंडाकडं बघून जेवलात? 'सरदाराची मान बघितली का, सरदाराची चाल बघितली का.' बाई ठिवली आसती तर भांडता तरी आलं आसतं. एडक्याशी कसं भांडायचं?"

"अन् सत्यभामाबाई?"

"तिचं तिला ठावं. मी शब्द दिलाय, तिचं नाव माझ्या तोंडून जानार न्हाई."

धुळाजीनं कपाळाला हात लावला. आता उत्तर हातात होतं, अन् हातात निखारा धरल्यागत झालतं. नावं सांगावी, तर सुग्रीवच्या बायकोचं नाव समद्या वस्तीम्होरं घ्यायचं. व्याही-व्याह्यात मग काय उरतंय? न सांगावी, तर सुपारी मोडली. दोन्हीकडून स्वप्ना घरी.

"मी काय करू?" तो म्हणला.

"ते आमी ठरवलं न्हवतं," बायनाबाई म्हणली, अन् पहिल्यांदा तिच्या डोळ्यात पाणी आलं.

६

दिवस कलायला बिरोबाच्या ओट्याभवती समदी वस्ती जमली. गडी ओट्यावर, बायका खाली लिंबाखाली. सुग्रीव मधोमध. विजयसिंह एका बाजूला मान खाली घालून.

"सांग," सुग्रीव म्हणला.

धुळाजी उभा राहिला. "आधी गड्यांचं सांगतो. दोघांबिगर हे काम हुत न्हाई. तानाजीला हात न्हाई. भागवत अन् सोमनाथ एका जागी उभे राहत न्हाईत. आत्ताबी बघा, एक ह्या टोकाला, एक त्या टोकाला."

लोकं हसले. सुग्रीव हसला न्हाई.

"म्हंजे राहिलास तू. तूच तुझ्या तोंडानं सांगितलंस!"

"थांब की बे! मी आसतो तर मला जखमेवर हळद लावायची बुद्धी झाली आसती का? खरं सांगतो, समद्यांम्होरं सांगतो. मी जळतो तुझ्यावर. सरदार मेला आसता तरी मी जेवलो आसतो. पन ज्यानं हे केलं त्यानं सरदाराला दुखू दिलं न्हाई. एक जखम झाली तर तिला हळद लावली. वर जागा झाडली. सुग्रीव, वैरी कधी झाडून जातो का?"

सुग्रीवचा चेहरा जरा बदलला.

"काल तू बीडात व्हतास. सरदाराला पानी कुनी दिलं?"

"सांगितलं की. घरात..."

तो तिथंच थांबला. त्याची मान हळूहळू लिंबाकडं वळली. ओट्यावरच्या समद्यांच्या माना वळल्या.

"मी नाव घेनार न्हाई," धुळाजी म्हणला. "मोडायची तर मोड सुपारी. मला ठावं हाय कोन, अन् मी घेनार न्हाई."

स्वप्ना आईच्या मागं उभी होती, तिनं आईचा पदर मुठीत धरलेला. मग लिंबाखालून सत्यभामाबाई पुढं आली. एवढ्या वर्षात ती बाई समद्यांम्होरं कधी बोलली न्हवती.

"शिंगं म्या धरली," ती म्हणली. "लहानपनी आई मेली व्हती त्याची. म्या बाटलीनं दूध पाजून जगवलाय त्याला. मला कशाला मारंल?"

सुग्रीव ओट्याच्या कडेला आला.

"मला ताप आलता तवा तुमी त्याचा खुराक आनायला बीडला गेलात, गोळ्या आनायच्या इसरलात. दवाखान्यात बायनाबाईनं नेलं. काल पोराच्या बस्त्याला गेलात, म्या म्हनलं मलाबी न्या, साडी माझ्या पसंतीनं घेऊ. म्हनलात सरदाराजवळ कोन राहील? अन् आनलं काय? त्याला माळ." तिनं पदरानं तोंड पुसलं. "त्याच्या लोकरीची उशी भरलीय म्या. काल लई दिसांनी झोप लागली."

"पाय म्या बांधले," बायनाबाई पुढं आली. "हळद म्या लावली. जनावराचा काय गुन्हा?"

"अन् कातरला म्या," बबिता म्हणली. भागवत दचकला. "माझं मशीन इकून त्याचं पिल्लू आनायचं म्हनतेत. म्हनलं बघू तरी, कापडापेक्षा ह्यात काय इशेष हाय. काई इशेष न्हाई. ब्लाऊज शिवायला जास्ती डोस्कं लागतं."

तेवढ्यात मागून कडूबाईचा आवाज आला. म्हातारी बाजेवरनं उठून काठी टेकत आलती, कधी न्हाई ते. "अन् मला कावून सांगितलं न्हाई गं मेल्यांनो? म्या काय मेले व्हते का?"

हसू फुटलं अन् सारं मोकळं झालं. फक्त सुग्रीव तसाच. तो ओट्यावरून उतरला, बायकोपुढं जाऊन उभा राहिला. मग धुळाजीकडं वळला.

"सुपारी मोडत न्हाई मी," तो म्हणला. आवाज बसलेला. "पन एक अट हाय. सरदार प्रदर्शनाला जात न्हाई, तर तुझा एडकाबी जायचा न्हाई. माझ्या उघड्या एडक्यावर तू पैला यायचा न्हाईस."

धुळाजी हिशेब मांडायला लागला. एवढी वर्षं दुसरा. औंदा मैदान मोकळं, पहिला नंबर समोर पडलेला, नुसता वाकून उचलायचा. त्यानं लिंबाखाली बघितलं. स्वप्नाला बघितलं. बायनाबाईला बघितलं. ती त्याच्याकडं बघत होती, अन् तिला पक्कं ठावं होतं की हा आता एडक्याचंच बोलणार.

त्यानं पटका काढून पुन्हा बांधला.

"न्हाई नेत," तो म्हणला. "लगीन लावा."

७

लगीन लागलं. प्रदर्शनाला दोघं व्याही गेले ते नुसते बघायला, मोकळ्या हातानं. पहिला नंबर पाटोद्याकडच्या कुणातरी गड्याच्या एडक्याला मिळाला. दोघं कुंपणाला टेकून उभे.

"पाय बघ त्याचे," सुग्रीव म्हणला. "काड्या."

"अन् मान? कोंबडीची बरी."

"ह्याला पैला दिला व्हय? परीक्षकाचे डोळे तपासा."

"इवाई, तुझ्या सरदारापुढं हा उभा राहिला नसता."

"अन् तुझ्यापुढंबी न्हाई." सुग्रीव हे म्हणला अन् स्वतःच चपापला.

मागं बायका लिंबाच्या सावलीत बसलेल्या. सुग्रीव जरा वेळ गायब झाला अन् रसाच्या गाड्यावरनं उसाच्या रसाचा ग्लास घेऊन आला. तो सत्यभामाबाईच्या हातात दिला. बर्फ लई टाकलाय म्हणून ती कुरकुरली अन् तळापर्यंत प्याली. बायनाबाईनं त्या ग्लासाकडं बघून पदर सारखा केला.

धुळाजीच्या पोटात ओळखीची जळजळ उठली. तो तरातरा रसाच्या गाड्यावर गेला.

"काय देऊ तात्या?"

"ते माझे इवाई आत्ता घेऊन गेले, त्याच्यापरीस मोठा ग्लास हाय का तुझ्याकडं?"

"हाय की."

"तो भर. काठोकाठ."